सवय होते

आमच्या घराण्यात दागिने फारसे उतरले नाहीत. एक वाक्य मात्र पिढ्यान्‌पिढ्या उतरत आले. आमच्या पणजीबाई वाईहून लग्न होऊन बडोद्यास आल्या, तेव्हा वैशाख चालू होता. कृष्णेच्या घाटावर वाढलेल्या त्या मुलीने पहिल्याच रात्री सासूबाईंना विचारले म्हणे, की इथे रात्रीसुद्धा वारा सुटत नाही का? सासूबाईंनी पंखा न थांबवता उत्तर दिले, "सवय होते." तेच उत्तर पुढे पणजीबाईंनी आमच्या आजीला दिले, आजीने आईला दिले, आणि वरणात गूळ अंमळ जास्त पडतो अशी तक्रार करणाऱ्या प्रत्येक जावयालाही ते मिळाले. या वाक्याने आमच्या घरातले कितीतरी वाद उभे राहण्यापूर्वीच बसवले. आम्ही ते एकदा सिंगापूर येथे एका पांढऱ्या अस्वलाच्या संदर्भात उच्चारले. त्याचीच ही हकीकत आहे.

२००८ सालच्या एप्रिलात आम्ही उभयता मुलाकडे सिंगापूरला गेलो होतो. आमची नात तेव्हा सात वर्षांची होती. ती तिथेच जन्मलेली. त्यामुळे पाहुण्यांना शहर दाखवण्याचा मान आपलाच, अशी तिची समजूत होती आणि ती चुकीचीही नव्हती. प्राणिसंग्रहालयात तिने आम्हांला वाटेत कुठेही थांबू दिले नाही. थेट नेऊन उभे केले ते इनुकासमोर.

इनुका हे ध्रुवीय अस्वल. त्याची आई शेबा जर्मनीतल्या कोलोन शहरातून आणलेली आणि बाप नानूक कॅनडातला. २६ डिसेंबर १९९० रोजी इनुका सिंगापूरच्या प्राणिसंग्रहालयातच जन्मला. उष्ण कटिबंधात जन्मलेले हे जगातले पहिले ध्रुवीय अस्वल. सिंगापूर विषुववृत्तापासून जेमतेम दीडशे किलोमीटरच्या आत आहे. तिथे थंडीचा महिना नाही, की पहाटेचा गारवा नाही. दुपारी एकतीस-बत्तीस अंश, रात्री चोवीस-पंचवीस, आणि हवा बारा महिने ओल्या पंचासारखी अंगाला चिकटलेली. अशा ठिकाणी आर्क्टिक प्रदेशातला सर्वांत मोठा शिकारी पाण्यात सूर मारीत होता, टाकलेला मासा अचूक पकडीत होता आणि वर येऊन डोके झटकीत होता. लोक टाळ्या वाजवीत होते. खरे सांगायचे तर आम्हीही वाजवल्या.

नातीने विचारले, "आबा, ह्याला उकडत नाही का?"

आम्ही म्हटले, "सवय होते, बाळ."

सौ. ने छायाचित्र काढले. त्यात इनुका काठावर बसलेला आहे, तोंड उघडे, जीभ किंचित बाहेर. बडोद्यास परतल्यावर ते आम्ही संग्रहात चिकटवले आणि खाली आमच्या वळणदार अक्षरात लिहिले : 'हसरा इनुका'.

पुढे सवड मिळाली तशी आम्ही या प्राण्याविषयी वाचू लागलो. सेवानिवृत्त माणसाला एखादा विषय सापडला, की तो घरच्यांना त्रास होईपर्यंत सोडत नाही. तसेच आमचे झाले. पहिली गोष्ट कळली ती अशी, की या अस्वलाचे केस पांढरे नसतातच. वरचा केस रंगहीन, पारदर्शक आणि आतून पोकळ असतो. प्रकाश त्यात विखुरतो म्हणून तो पांढरा दिसतो. खालची कातडी काळी असते. कातडीखाली चरबीचा थर, तो काही ठिकाणी दहा सेंटीमीटरपर्यंत जातो. बाहेर शून्याखाली तीस-चाळीस अंश असताना आतली ऊब आत राखण्यासाठी केलेली ही तटबंदी इतकी पक्की आहे, की तिला आत दरवाजा ठेवायचाच राहून गेला. हे अस्वल जोरात धावले तर त्याच्या स्वतःच्या प्रदेशातही ते तापते. म्हणून ते सहसा धावत नाही. सावकाश, मान हलवीत चालते. दिसायला ते राजेशाही चालणे. पण त्यामागे मोठेपणाइतकाच उकाडाही आहे.

त्या पोकळ केसांची आणखी एक गंमत. १९७८-७९ च्या सुमारास अमेरिकेतल्या सान दिएगो येथील तीन ध्रुवीय अस्वले हिरवी पडली. तपासात कळले, की पोकळ केसांच्या आत शेवाळ वाढले आहे. २००४ साली सिंगापूरला शेबा आणि इनुका या मायलेकांच्याही अंगावर तसाच हिरवा रंग चढला होता. हायड्रोजन पेरॉक्साइडने धुऊन तो काढावा लागला. आपल्याकडे पावसाळ्यात जुन्या भिंतीला शेवाळ धरते. भिंत त्याने पडत नाही. पण ती कोणत्या हवेसाठी बांधलेली नव्हती, ते दिसते.

मग प्रश्न असा, की इनुका जगला कसा? आणि तो नुसता जगला नाही, चांगला जगला. रानात या जातीला वीस-पंचवीस वर्षे म्हणजे पुष्कळ झाली. इनुकाने सत्तावीस पूर्ण केली, आणि शेबा तर २०१२ साली गेली तेव्हा पस्तीस वर्षांची होती. मंडळाच्या बैठकीत आमचे एक स्नेही, पदार्थविज्ञानाचे निवृत्त प्राध्यापक, यावरच बोट ठेवीत. "अहो, ज्या अर्थी विषुववृत्तावर ते सत्तावीस वर्षे राहते, त्या अर्थी उत्तर ध्रुवाकडे दोन-तीन अंशांनी हवा तापली म्हणून ते मरेल, हे कसे पटावे?" प्रश्न चोख होता. आमच्याजवळ उत्तर नव्हते, आणि मनातल्या मनात आमचे घराण्यातले वाक्य जिंकल्याचा थोडा आनंदही झाला होता.

उत्तर सापडले ते कॅनडातल्या हडसनच्या उपसागराकाठी. या उपसागराच्या पश्चिम किनाऱ्यावर चर्चिल नावाचे लहानसे गाव आहे. तिथली जुलैमधली दुपार सतरा-अठरा अंशांची असते. आमच्याकडे तेवढ्यावर शाल निघते. म्हणजे सिंगापूरच्या मानाने तो स्वर्गच. पण तिथल्या अस्वलांची संख्या १९८०-९० च्या दरम्यान सुमारे बाराशे होती, ती २०१६ च्या हवाई पाहणीत ८४२ आणि २०२१ मध्ये ६१८ भरली. काही शेजारच्या भागात गेली असतील. तरी ओहोटी स्पष्ट आहे. सिंगापूरच्या उकाड्यात अस्वल पोसले जाते आणि चर्चिलच्या गारव्यात ते उणावते, या कोड्याची उकल एकाच शब्दात आहे. तो शब्द 'थंडी' नव्हे. तो 'बर्फ' आहे. आणि या दोहोंत फरक आहे हे आमच्यासारख्या उष्ण देशातल्या माणसाच्या लवकर ध्यानात येत नाही. आपल्याला बर्फ म्हणजे थंड पदार्थ. अस्वलाला बर्फ म्हणजे जमीन.

समुद्रावर गोठलेल्या बर्फाला सील श्वासासाठी छिद्रे राखतात. अस्वल त्या छिद्राशी तासन्‌तास निश्चल बसते. सीलने नाक वर काढले की एक झडप. उघड्या पाण्यात पोहणारा सील त्याच्या हाती लागणे जवळजवळ अशक्य. तो कितीतरी चपळ. म्हणजे बर्फ आहे तोवर हे अस्वल शिकारी. बर्फ गेला की तेच अस्वल, त्याच पंजांचे, त्याच ताकदीचे, पण हात बांधल्यासारखे. अंगकाठी एवढी प्रचंड, की एका मादीला दर दहा-बारा दिवसांनी एक प्रौढ सील तरी लागतो, असा हिशेब २०१८ साली मांडला गेला. उन्हाळ्यात हडसनच्या उपसागरातला बर्फ पूर्ण वितळतो, तेव्हा ही अस्वले किनाऱ्यावर येऊन नोव्हेंबरपर्यंत साठवलेल्या चरबीवर राहतात. गाभण मादीचा हा उपास तर आठ महिन्यांचा होतो. आपल्याकडच्या चातुर्मासाचे कौतुक त्यापुढे काय सांगावे! पण उपासालाही शेवट ठरलेला असावा लागतो. १९८०-९० च्या मानाने हा बर्फाविना काळ आता तीन-चार आठवड्यांनी लांबला आहे. पारणे लांबत चालले आहे, एवढाच त्याचा अर्थ.

"मग जमिनीवरचे खावे," असे प्राध्यापक म्हणालेच. अस्वलांनीही तेच करून पाहिले आहे. २०१९ ते २०२२ या उन्हाळ्यांत संशोधकांनी याच किनाऱ्यावरच्या वीस अस्वलांच्या गळ्यात छायाचित्रक बसवलेले पट्टे अडकवले आणि तीन-तीन आठवडे ती काय करतात ते टिपले. कुणी नुसती पडून राहिली. कुणी बोरांसारखी रानफळे खाल्ली, गवत खाल्ले, पक्षी धरले, हाडे चघळली. कुणी अन्नाच्या शोधात समुद्रात लांबवर पोहत गेली. वीसपैकी एकोणीस अस्वलांचे वजन घटले, सरासरी रोज एक किलोच्या आसपास. जी धडपडली त्यांना मिळाले तेवढे धडपडण्यातच खर्च झाले. जी पडून राहिली तीही वाळली. एकाचेच वजन वाढले, त्याला एका समुद्री प्राण्याचे आयते कलेवर सापडले होते.

हा वृत्तान्त २०२४ च्या आरंभी प्रसिद्ध झाला. तो वाचला त्या दिवशी आम्ही बराच वेळ बैठकीत बसून होतो. आळस केला तरी तेच आणि उद्योग केला तरी तेच! अस्वलाच्या अंगी हिकमत नाही असे कुणी म्हणू शकणार नाही. हिकमतीला धरायला जागा नाही, एवढेच.

प्राध्यापक सहजासहजी हार मानणारे नव्हेत, आणि त्यांचे दोन मुद्दे आम्हांला अजून मान्य आहेत. एक असा, की स्वालबार्ड बेटांवर ध्रुवीय अस्वलाच्या जबड्याचे एक हाड सापडले आहे, ते एक लाख दहा हजार ते एक लाख तीस हजार वर्षांपूर्वीचे. तेव्हा मागल्या दोन हिमयुगांमधला उबदार काळ होता, आणि ही जात त्यातून तरली. दुसरा मुद्दा ग्रीनलंडच्या आग्नेय किनाऱ्याचा. तिथल्या काहीशे अस्वलांना समुद्राचा बर्फ वर्षातून शंभरेक दिवसच मिळतो. उरलेला काळ ती हिमनद्यांतून तुटून खाडीत साचलेल्या गोड्या पाण्याच्या बर्फावर शिकार करतात. २०२२ साली हे जाहीर झाले तेव्हा प्राध्यापकांनी आम्हांला रात्री दहा वाजता दूरध्वनी केला होता. स्वालबार्डची अस्वलेही हरणे आणि पक्ष्यांची अंडी खात अजून बरी धष्टपुष्ट आहेत. हे सारे खरे. पण मागची ऊब हजारो वर्षांच्या चालीने आली होती, आताची एका माणसाच्या हयातीत येते आहे. आणि ग्रीनलंडच्या त्या अस्वलांनीही बर्फ सोडलेला नाही, दुसरा बर्फ शोधला आहे. समुद्राला लागून अशा हिमनद्या सगळीकडे नसतात. बर्फावाचून पिढ्यान्‌पिढ्या जगणारे ध्रुवीय अस्वल कुणी दाखवलेले नाही.

इनुका त्याला अपवाद नव्हता काय? नव्हता. त्याच्या पायाखाली बर्फ नव्हता, पण त्याच्या जागी माणसे होती. मासे माणसांनी आणावेत, पाणी माणसांनी गार करावे, अंगाचे शेवाळ माणसांनी धुवावे. तो उष्ण हवेत जगत होता हे म्हणणे खरे तर त्या माणसांचे कौतुक आहे. आणि त्यालाही मर्यादा होत्या. तो व त्याची आई धापा टाकतात, एकाच जागी येरझाऱ्या घालीत राहतात, अशी टीका तिथल्याच प्राणिप्रेमींनी आम्ही जाण्यापूर्वी दोन वर्षे केलेली होती. आम्हांला त्याची वार्ता नव्हती. संग्रहालयाने २००६ मध्ये ठरवले, की शेबा गेल्यावर इनुकाला थंड देशात पाठवावे, आणि यापुढे आर्क्टिकमधला कोणताही प्राणी आणू नये. पुढे त्याला हलवण्याचा बेत रहित झाला. जन्मापासून तो याच हवेत वाढला, आता प्रवास आणि परकी जागा त्याला सोसणार नाही, असे ठरले. त्याच्यासाठी २०१३ मध्ये नवे, गार ठेवलेले दालन बांधले. त्याला सवय झाली होती, हे त्यांनीही मान्य केले. फक्त आम्ही ते समाधानाने म्हटले होते, आणि त्यांना ते न हलवण्याचे कारण म्हणून म्हणावे लागले.

मंडळाच्या एका सभेत हा विषय निघाला असता एक वक्ते म्हणाले, की आपण बृहन्महाराष्ट्रीयही ध्रुवीय अस्वलेच आहोत, आपल्या पायाखालचा मराठीचा बर्फ वितळतो आहे. टाळ्या झाल्या. आम्ही वाजवल्या नाहीत. आपले पूर्वज गायकवाडांच्या पाठोपाठ आपल्या पायांनी इथे आले. पगडी गेली, टोपी आली, तीही गेली. वरणात गूळ पडला, मुलांच्या तोंडी गुजराती आली. एवढे अंगरखे बदलणाऱ्या माणसाने अस्वलाची उपमा घेणे म्हणजे त्या बिचाऱ्यावर अन्याय आहे. त्याला एकच अंगरखा, आणि तो काढता येत नाही.

असे असूनही या विषयाने आम्हांला घरातली एक गोष्ट आठवून दिली. ती लिहावी की नाही, याचा पुष्कळ विचार केला.

२००९ साली दांडिया बाजारातला आमचा जुना वाडा गेला. भाऊबंदांत वाटण्या झाल्या, जिने मोडकळीस आले होते. कारणे सगळी सबळ होती. आईला आम्ही शहराच्या पश्चिमेकडे नव्या इमारतीत, सातव्या मजल्यावर आणले. ती एकोणऐंशी वर्षांची होती. गाव तेच, उन्हाळा तोच. उलट खोलीत वातानुकूलन यंत्र बसवल्यामुळे जन्मात प्रथमच तिला वैशाख सुखाचा गेला. वैद्य येऊन तपासत. तिचा रक्तदाब आमच्यापेक्षा चांगला होता. पण वाड्याला ओटा होता. त्या ओट्यावर सकाळी भाजीवाली टोपली उतरवी. आई मराठीत भाव पाडी, ती गुजरातीत नकार देई, आणि चाळीस वर्षे दोघींनाही दुसऱ्या भाषेची गरज पडली नव्हती. कुणाच्या घरी पाळणा हलला, कुणाची सून रुसली, हे सारे ओट्यावर येई. सातव्या मजल्यावर भाजी यायची, ती आम्ही पिशवीतून आणलेली. आई पिशवीत हात घालून एक वांगे काढी, उलटेसुलटे करून पाही, आणि परत ठेवी. पहिल्या महिन्यात तिने एकदाच म्हटले, "इथे खाली कुणी दिसत नाही रे." आम्ही उत्तर दिले, कोणते, ते वाचकांनी ओळखले असेल. तिनेही ते ओळखीचे वाक्य ऐकून मान हलवली. तिनेच ते आम्हांला शिकवले होते. त्यानंतर तिने तक्रार केली नाही. ती तीन वर्षे जगली. काहीही कमी पडू दिले नाही, असे आम्ही सर्वांना सांगत आलो, आणि ते खोटे नाही.

अस्वलाची आणि आईची तुलना करण्याचा आमचा हेतू नाही. तिला ती मुळीच खपली नसती. पण चर्चिलच्या त्या वीस अस्वलांविषयी वाचताना, पडून राहिलेली ती अस्वले किती अंश तापमानात पडून होती हा प्रश्न आमच्या मनात आला नाही. ते वांगे आले.

२५ एप्रिल २०१८ रोजी इनुका गेला. सांधे धरले होते, दात आणि कान दुखावले होते, पंजांवरच्या जखमा भरत नव्हत्या. तपासणीसाठी भूल दिलेली असताना त्याला परत जागे करू नये, असा निर्णय तज्ज्ञांनी घेतला. नात तेव्हा सतरा वर्षांची होती. तिने संध्याकाळी दूरध्वनी केला. संग्रहालयाने पुन्हा ध्रुवीय अस्वल आणायचे नाही असे ठरवले आहे, हे तिने सांगितले. मग थोडे थांबून विचारले, "आबा, त्याला सवय झाली होती ना?"

लहानपणीचा प्रश्न तिने उत्तरासकट जपून ठेवला होता. आम्ही म्हटले, की झाली असावी. तिने बरे म्हणून फोन ठेवला.

त्या रात्री आम्ही छायाचित्रांचा जुना संग्रह काढला. २००८ साली तो प्रथम आईला दाखवला होता, तेव्हा ती अजून वाड्यातच होती. चष्मा कपाळावर सरकवून, पान डोळ्यांशी नेऊन तिने एकेक चित्र पाहिले होते. तिच्या लहानपणी दरवेशी गल्लीत अस्वल घेऊन येत. वैशाखातल्या दुपारी, डांबरी सडकेवर. आमचे अक्षर तिने वाचले, मग चित्राकडे पाहिले, मग पुन्हा अक्षराकडे.

"हसतोय कुठे रे?" ती म्हणाली. "धापतोय तो."

आम्ही तेव्हा हसण्यावारी नेले. चित्राखालची ओळ अजून तशीच आहे.